केटी जॉन्सन : एका दुय्यम नटीच्या कारकीर्दीचें साधन-परीक्षण

इंग्रजी चित्रपटांच्या इतिहासांत केटी जॉन्सन ह्या नटीविषयीं जें लिहिलें जातें तें बहुधा एकाच वाक्यांत आटोपतें. सारा जन्म दुर्लक्षित राहिलेल्या ह्या बाईंना ७७ व्या वर्षीं एक मोठी भूमिका मिळाली, त्या भूमिकेनें त्यांस कीर्ति दिली, आणि दोन वर्षें पुरीं होण्यापूर्वींच त्या निवर्तल्या, असें तें वाक्य आहे. वाक्य ऐकण्यास गोड आहे, व त्यांतील कालगणनाहि स्थूल मानानें बरोबर आहे. तथापि त्यांत एक प्रमाद दडलेला आहे, आणि ज्यांचा नित्य व्यवहार जुन्या कागदांशीं आहे अशा वाचकांच्या तो चटकन् ध्यानांत यावा. साधन जेथून उपलब्ध होतें तेथूनच कार्याला आरंभ झाला, असें हें वाक्य गृहीत धरतें. एखाद्या घराण्याचे कागद पानिपतच्या सुमारापासून सांपडले, एवढ्यावरून तें घराणें पानिपतच्या सुमारास उत्पन्न झालें असें कोणी म्हणूं लागल्यास आपण त्यास वेड्यांत काढूं. नटांच्या बाबतींत मात्र हाच तर्क नित्य चालतो व त्यास कोणी हरकत घेत नाहीं.

ह्या बाईंच्या कारकीर्दीचीं साधनें कोणतीं, तीं कितपत विश्वसनीय आहेत, आणि त्यांवरून त्यांच्या कलेविषयीं काय म्हणतां येतें व काय म्हणतां येत नाहीं, एवढेंच प्रस्तुत लेखांत पाहावयाचें आहे. विषय परदेशचा आहे. परंतु साधनांचा न्याय सर्वत्र एकच.

१. प्रथम शकावली. बेसी केट जॉन्सन हें त्यांचें पूर्ण नांव. जन्म १८ नोव्हेंबर १८७८ रोजीं इंग्लंडांतील ससेक्स परगण्यांत झाला. मृत्यु ४ मे १९५७ रोजीं केंट परगण्यांत. रंगभूमीवर त्या १८९४ मध्यें आल्या. त्या वेळीं त्यांचें वय १५-१६ वर्षांचें होतें. त्यांचे पति फ्रँक बेली हेहि नटच होते. चित्रपटांत त्यांचें पाऊल पडलें तें १९३२ मध्यें. येणेंप्रमाणें १८९४ पासून १९३२ पर्यंतचीं ३८ वर्षें रंगभूमीचीं, आणि तेथून १९५७ पर्यंतचीं २५ वर्षें चित्रपटाचीं. एकंदर ६३ वर्षें. ज्या एका चित्रपटावर त्यांची सर्व कीर्ति उभी आहे तो 'द लेडीकिलर्स' १९५५ च्या डिसेंबरांत प्रसिद्ध झाला. ६३ वर्षांपैकीं ६१ वर्षें त्या चित्रपटापूर्वींचीं आहेत. ह्या ६१ वर्षांस 'प्रतीक्षा' असें नांव देऊन मोकळें होणें हा चरित्रलेखकाचा आळस होय. बाई प्रतीक्षा करीत बसल्या नव्हत्या. त्या काम करीत होत्या.

२. अशा नटीस इंग्रजींत 'कॅरेक्टर ॲक्ट्रेस' म्हणतात. मराठींत 'चरित्र-अभिनेत्री' असा शब्द त्यासाठीं रूढ झाला आहे. परंतु तो शब्दाकडे पाहून बनविलेला आहे, अर्थाकडे पाहून नव्हे. येथें 'कॅरेक्टर' म्हणजे कोणाचें चरित्र नव्हे, तर स्वभावविशेष. वय, धंदा, बोलण्याची लकब, एखादा हट्ट ह्यांवरून ओळखूं येणारें माणूस. नायक-नायिका वजा जातां नाटकांत जो संसार उरतो, म्हणजे दाई, मोलकरीण, घरमालकीण, शेजारीण, आजी, तो ह्या नटींच्या वांट्यास येतो. 'स्वभावभूमिका करणारी नटी' असें म्हटल्यास शब्द लांबतो खरा, पण अर्थ तरी नीट राहतो.

ह्या वर्गाच्या नटींवर एक जुना आक्षेप आहे. म्हातारीनें म्हातारीचें काम केलें त्यांत अभिनय तो कसला, असें लोक म्हणतात. ह्याचें उत्तर भरतमुनींच्या भूमिकाविचारांत मिळतें. नाट्यशास्त्रांत भूमिकेचे अनुरूपा, विरूपा आणि रूपानुरूपा असे तीन प्रकार मानले आहेत. स्त्रीनें स्त्रीची आणि आपल्या वयास शोभेल अशी भूमिका घेतली तर ती अनुरूपा. बालानें वृद्धाची किंवा वृद्धानें बालाची घेतली तर विरूपा. आणि पुरुषानें स्त्रीची अथवा स्त्रीनें पुरुषाची घेतली तर रूपानुरूपा. लक्षांत घेण्याजोगी गोष्ट ही कीं, अनुरूपा ही सुद्धां भूमिकाच मानली आहे. रूप जुळलें म्हणजे अभिनयाची आवश्यकता संपली, असें शास्त्रकारांनीं म्हटलेलें नाहीं. रूप जुळल्यानें आहार्य अभिनयाचें ओझें कांहींसें हलकें होतें, इतकेंच. आंगिक, वाचिक आणि सात्त्विक हीं तिन्ही अंगें जशींच्या तशीं उरतात.

३. आतां रंगभूमीच्या ३८ वर्षांचीं साधनें. इंग्लंडांत नाट्यसंहितेचें दैव मोठें चमत्कारिक आहे. १७३७ च्या कायद्यानें नाटकाची प्रत प्रयोगापूर्वीं लॉर्ड चेंबरलेन ह्या दरबारी अधिकाऱ्याकडून मंजूर करून घेणें सक्तीचें झालें, आणि हा निर्बंध १९६८ पर्यंत चालला. मंजुरीसाठीं आलेल्या प्रती दफ्तरांत पडून राहिल्या. १८२४ पूर्वींच्या प्रतींचा मोठा संग्रह आज अमेरिकेंतील हंटिंग्टन ग्रंथालयांत आहे, व त्यापुढील प्रती ब्रिटिश ग्रंथालयांत आहेत. ज्या सत्तेनें नाटकावर वक्रदृष्टि ठेविली तिच्याच दफ्तरानें नाटकाची पोथी सांभाळली, असा हा प्रकार आहे. परंतु मंजुरी देणाऱ्यास वाक्यांशीं कर्तव्य होतें. तें वाक्य कोणाच्या मुखांतून यावयाचें ह्याच्याशीं नव्हतें. सबब संहिता टिकली आणि नटी गळाली.

नटीचें नांव सांपडतें तें प्रयोगाच्या छापील पत्रकांत आणि धंद्याच्या वृत्तपत्रांत. 'द एरा' हें पत्र १८३८ पासून १९३९ पर्यंत चाललें; 'द स्टेज' १८८० मध्यें निघालें. पत्रकांच्या बाबतींत इंग्लंडच्या नाट्येतिहासावर गॅब्रिएल एन्थोव्हेन ह्या संग्राहक बाईंचे मोठेच उपकार आहेत. प्रयोग संपल्यावर लोक जें पायदळीं टाकून जातात तें ह्या बाईंनीं गोळा केलें, आणि १९२४ मध्यें तो सर्व संग्रह व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियमच्या स्वाधीन केला. त्यांतील पत्रकांची संख्या ८०,००० च्या घरांत होती. आज त्या संस्थेंत रंगभूमीचें जें प्रचंड दफ्तर आहे त्याचा पाया हाच. जॉन्सनबाईंसारख्या नटींचें जें कांहीं नांवनिशाण उरतें तें अशा संग्रहांच्या कृपेनेंच उरतें.

परंतु पत्रकाचें प्रामाण्य किती, हाहि विचार केला पाहिजे. पत्रक प्रयोगापूर्वीं छापलें जातें. लग्नपत्रिका हा ज्याप्रमाणें लग्न लागल्याचा पुरावा नव्हे, त्याप्रमाणें पत्रकांतील नांव हा त्या रात्रीं तीच नटी उभी राहिल्याचा पुरावा नव्हे. नायिका आजारी पडली तर वर्तमानपत्रांत बोभाटा होतो. मोलकरणीचें काम करणारी आजारी पडली तर दुसरी उभी राहते आणि जगास पत्ताहि लागत नाहीं. शिवाय तें नांव आम्हांस काय सांगतें? बाई तेथें होत्या, इतकेंच. त्यांनीं तें काम कसें केलें ह्याविषयीं तें मुकें आहे. म्हणजे ३८ वर्षांच्या ह्या कालखंडाची शकावली तयार करतां येईल, इतिहास लिहितां येणार नाहीं. हा भेद आपल्या व्यवसायांत नवा नाहीं.

४. १९३२ पासून साधनांचें स्वरूप पालटतें, आणि त्यास राजकीय कारण आहे. अमेरिकन चित्रांच्या लोंढ्यापुढें देशी धंदा टिकावा म्हणून १९२७ मध्यें ब्रिटिश पार्लमेंटानें एक कायदा करून चित्रगृहांत देशी चित्रें ठराविक प्रमाणांत दाखविण्याची सक्ती केली. हें प्रमाण क्रमाक्रमानें वाढून शेंकडा २० पर्यंत गेलें. प्रमाण भरून काढण्यासाठीं पुष्कळ चित्रें स्वस्तांत व घाईनें निघूं लागलीं. त्याच सुमारास बोलपट आला, आणि पहिल्याच खेपेस वाक्य स्वच्छ उच्चारून मोकळीं होणारीं माणसें हवीं झालीं. अशीं माणसें रंगभूमीवर तयार होतीं. जॉन्सनबाई ज्यांत प्रथम दिसल्या तो 'आफ्टर ऑफिस अवर्स' हा १९३२ चा बोलपटहि एका नाटकावरूनच केलेला होता. त्या वेळीं त्यांचें वय ५३ होतें.

पुढील वीस-बावीस वर्षांतील त्यांचीं कामें पाहतां एक गोष्ट डोळ्यांत भरते. पुष्कळ ठिकाणीं पात्रास नांवच नाहीं. १९४० च्या 'गॅसलाइट' मध्यें त्या एका वृद्धेच्या घरची मोलकरीण आहेत. १९४६ च्या 'आय सी अ डार्क स्ट्रेंजर' मध्यें केवळ एक पांढऱ्या केसांची बाई. १९४४ च्या 'टॉनी पिपिट' मध्यें व १९५२ च्या 'आय बिलीव्ह इन यू' मध्यें पात्रास नांव मिळालें, परंतु जागा लहानच. जुन्या वाड्याच्या दुरुस्तीच्या हिशेबांत गवंड्याचें नांव नसतें, 'गवंडी असामी ४' एवढेंच असतें. त्यांतलाच हा प्रकार.

ह्या चित्रांपैकीं 'गॅसलाइट' चें दैव सांगण्यासारखें आहे. थोरल्ड डिकिन्सन ह्यांनीं दिग्दर्शित केलेल्या ह्या चित्राच्या कथेचे हक्क मेट्रो-गोल्डविन-मेयर ह्या अमेरिकन कंपनीनें घेतले, १९४४ मध्यें तीच कथा नव्यानें चित्रित केली, आणि पहिलें चित्र अनेक वर्षें लोकांच्या दृष्टीआड झालें. पहिल्याच्या सर्व प्रती नष्ट करण्याचा कंपनीचा हेतु होता असें सांगतात. तथापि प्रती वांचल्या, व त्यांबरोबर ती मोलकरीणहि वांचली. थोरांच्या भांडणांत गरिबाचें घर वांचावें तसें हें झालें.

ह्याहूनहि बोलकें उदाहरण दूरचित्रवाणीचें. १९५३ च्या जुलै-ऑगस्टमध्यें बी. बी. सी. नें 'द क्वाटरमास एक्स्पेरिमेंट' ही नायजेल नील ह्यांनीं लिहिलेली सहा भागांची मालिका प्रक्षेपित केली. ती प्रत्यक्ष प्रयोग करून त्याच क्षणीं लोकांस दाखविली जात असे. पहिले दोन भाग फिल्मवर उतरून घेतले गेले; उरलेले चार घेतले गेले नाहींत, सबब ते कायमचे गेले. आकाशांतून परतणारें यान ज्या घरावर येऊन आदळतें त्या घरांतील वृद्धा, मिस वाइल्ड, ही जॉन्सनबाईंनीं केली होती; आणि तें पात्र पहिल्या भागांत असल्यामुळें आजहि पाहावयास मिळतें. पोथी खंडित आहे; आरंभींचीं पत्रें सुदैवानें शाबूत आहेत, आणि आपणांस हवें असलेलें पान नेमकें त्यांत आहे. हेंच पात्र जर चौथ्या भागांत असतें तर जॉन्सनबाईंच्या कारकीर्दींत मिस वाइल्ड ही एक ओळ उरली असती. कर्तृत्व तेंच, श्रमहि तेच. फरक पडला असता तो केवळ आपल्या ज्ञानांत. मग ज्यांची एकहि प्रतिमा उरली नाहीं अशा तिच्या ३८ वर्षांच्या कामांविषयीं 'तीं महत्त्वाचीं नव्हतीं' असें म्हणण्याचा अधिकार आपणांस कोठून आला?

५. आतां मुख्य साधन, म्हणजे 'द लेडीकिलर्स'. ईलिंग स्टुडिओनें काढलेला, विल्यम रोज ह्यांनीं लिहिलेला आणि अलेक्झांडर मॅकेंड्रिक ह्यांनीं दिग्दर्शित केलेला हा चित्रपट. कथानक थोडक्यांत असें : लंडनांत किंग्ज क्रॉस स्टेशनाच्या लगत, आगगाडीच्या बोगद्याच्या डोक्यावर एका मोडकळीस आलेल्या घरांत मिसेस विल्बरफोर्स नांवाची वृद्ध विधवा आपल्या पोपटांसह राहते. प्रोफेसर मार्कस नांवाचा गृहस्थ तिच्याकडे खोली भाड्यानें घेतो. त्याचे चार सोबती वाद्यें घेऊन येतात. आपण संगीताचा सराव करतों असें ते भासवितात, आणि ग्रामोफोनवर बोक्केरिनीची रचना लावून दरोड्याचा बेत रचतात. दरोड्याची रक्कम स्टेशनांतून घरीं आणण्याचें काम ते त्या निष्पाप बाईकडूनच करवून घेतात. शेवटीं बिंग फुटतें. बाई पैसे परत करा म्हणून हट्ट धरते. तिला मारण्यासाठीं पांचहि जण चिठ्ठ्या टाकल्याप्रमाणें काड्या ओढतात. आणि तिला मारण्याऐवजीं पांचहि जण एकामागून एक स्वतःच मरतात. बाई पोलिसांकडे जाते. अंमलदारास तिचें बोलणें खरें वाटत नाहीं. पैसे तुम्हींच ठेवा म्हणून तो तिची समजूत घालतो.

कथा हास्याची आहे, परंतु तिचा पाया भयानकाचा आहे. अशा मिश्रणांत तोल जाण्याचा संभव फार. प्रोफेसराचें काम करणाऱ्या ॲलेक गिनेस ह्यांनीं आहार्य अभिनयाचा मुक्त उपयोग केला आहे. मोठे खोटे दांत, विस्कटलेले लांब केस, गळ्याभोंवतीं लांबच लांब मफलर. इतर चौघेहि ठळक रंगांत रंगविलेले आहेत. ह्या पांचांच्या मध्यें जॉन्सनबाई लहानशी टोपी, छत्री व जुन्या वळणाचा पोषाख एवढ्यानिशीं उभ्या राहतात, आणि कोठेंहि हंसविण्याचा प्रयत्न करीत नाहींत. भरतानें हास्याचे आत्मस्थ आणि परस्थ असे दोन भेद केले आहेत. स्वतः हंसणें तें आत्मस्थ, दुसऱ्यास हंसविणें तें परस्थ. मिसेस विल्बरफोर्सचें सर्व हास्य परस्थ आहे. तिच्या स्वतःच्या मुखावर स्मिताच्या पलीकडील पायरी क्वचितच उमटते. आपण विनोदाचें आलंबन आहों हें तिला कधीं कळतच नाहीं, व तें कळलें नाहीं असें आपणांस क्षणोक्षणीं पटत राहतें. क्षेमेंद्रानें ज्याला औचित्य म्हटलें तें हेंच. नटीनें एकदां जरी प्रेक्षकांकडे चोरून पाहिलें असतें, 'पाहा, मी किती भोळी' असा भाव एकदां जरी दाखविला असता, तरी पांच खुनी माणसें तिला भितात ही गोष्ट असंभाव्य वाटली असती.

दोन प्रसंग विशेष पाहण्यासारखे आहेत. दरोड्याच्या पैशांची पेटी घेऊन येत असतां वाटेंत एक हातगाडीवाला एका घोड्यास मारूं लागतो, तेव्हां बाई गाडी थांबवून खालीं उतरतात. गाडींत लाखमोलाचा ऐवज आहे हें प्रेक्षकास ठाऊक आहे, दुरून पाहणाऱ्या चोरांस ठाऊक आहे; बाईंस फक्त घोडा दिसतो. येथें अभिनयाचें सर्व मर्म दृष्टीच्या दिशेंत आहे. त्यांची नजर एकदांहि त्या पेटीकडे वळत नाहीं. दुसरा प्रसंग बिंग फुटल्यानंतरचा. पांच गुन्हेगार एका खोलींत उभे आहेत आणि ही लहानखुरी वृद्धा त्यांची कानउघाडणी करते. आवाज चढत नाहीं. उलट थोडासा उतरतो. ज्यानें वर्गावर अनेक वर्षें काढलीं आहेत त्यास हें सांगावयास नको कीं, जो शिक्षक ओरडतो त्याचा वर्ग त्याच्या हातचा गेलेला असतो, आणि जो हळू बोलतो त्याच्यापुढें दांडगीं मुलेंहि मान खालीं घालतात. ही गोष्ट दिग्दर्शक सांगूं शकेल. पण किती उतरावा व कोणत्या शब्दावर उतरावा हें तो सांगूं शकत नाहीं. तें अभ्यासानेंच येतें.

त्याच चित्रांत बाईंच्या घरीं चहासाठीं ज्या वृद्ध मैत्रिणी जमतात त्यांत ईडी मार्टिन ही तशाच स्वभावभूमिकांत आयुष्य घालविलेली नटी आहे. तो घोळका क्षणमात्र पडद्यावर येतो, आणि त्या पांच खुन्यांस कपबशा धरून बसावें लागतें. जॉन्सनबाईंच्या मागें उभी असलेली निनांव नटींची सारी पंगत तेथें प्रत्यक्ष दिसते.

ह्या चित्रांतील एक स्थळ कालगणनेच्या दृष्टीनें मनोरंजक आहे. मिसेस विल्बरफोर्स आपल्या २१ व्या वाढदिवसाची आठवण सांगते : समारंभ चालू असतां कोणी तरी आंत आलें आणि राणी वारल्याची वार्ता सांगितली. राणी व्हिक्टोरिया २२ जानेवारी १९०१ रोजीं वारली. म्हणजे पात्राचा जन्म १८८० चा ठरतो. नटीचा जन्म १८७८ चा. त्या दिवशीं त्या स्वतः २२ वर्षांच्या होत्या आणि रंगभूमीवर येऊन त्यांस सुमारें सहा-सात वर्षें झालीं होतीं. राणीच्या निधनानें लंडनचीं नाटकगृहें शोकार्थ बंद राहिलीं होतीं. तें वाक्य उच्चारतांना बाईंच्या मनांत काय आलें हें सांगण्यास आपणांजवळ साधन नाहीं, व तें कल्पूं नये. परंतु जी वार्ता लेखकानें ऐतिहासिक रंग भरण्यासाठीं घातली तिची बोलणारी प्रत्यक्ष त्या काळची होती, हें मात्र कागदोपत्रीं सिद्ध आहे. भूमिका अनुरूपा आहे ती केवळ सुरकुत्यांनीं नव्हे.

६. ह्या भूमिकेसंबंधीं एक आख्यायिका सर्वत्र सांगितली जाते. बाई फार थकलेल्या, चित्रणाचा त्रास त्यांस सोसावयाचा नाहीं म्हणून प्रथम त्यांस नाकारलें. वयानें लहान अशी दुसरी नटी निवडली. आणि चित्रण सुरू होण्यापूर्वींच ती दुसरी मरण पावली, म्हणून भूमिका पुनः जॉन्सनबाईंकडे आली. गोष्ट खरी असूं शकेल. मनुष्याच्या आयुष्यांत असे योग येतात. परंतु तिची रचना पाहावी. जी दुर्बळ म्हणून हिशेबांतून वगळली ती उरते, आणि जी बळकट म्हणून धरली ती मरते. हें तर चित्रपटाचेंच कथानक आहे. शिवाय ह्या आख्यायिकेंत मरण पावणाऱ्या नटीस बहुधा नांव नसतें. जेव्हां एखाद्या पुरुषाच्या चरित्रांतील गोष्ट त्याच्याविषयींच्या प्रसिद्ध काव्याच्या सांच्यांत इतकी नेमकी बसते, आणि तींतील दुसरें पात्र निनांव असतें, तेव्हां ती गोष्ट बखरीच्या कप्प्यांत ठेवावी, अस्सल कागदांच्या नव्हे, असा आपला नेहमींचा शिरस्ता आहे. ह्या चित्रपटाची संपूर्ण कथा लेखक विल्यम रोज ह्यांस स्वप्नांत दिसली, अशीहि दुसरी आख्यायिका आहे. यशस्वी कृतीभोंवतीं अशा गोष्टी जमतातच. बखर फेंकून द्यावी असें प्रस्तुत लेखकाचें म्हणणें नाहीं. तिच्या आधारावर न्याय देऊं नये, इतकेंच.

ह्या आख्यायिकेचा खरा अपाय निराळा आहे. ती जॉन्सनबाईंचें यश योगायोगाच्या खात्यांत जमा करते. योगायोगानें भूमिका मिळते. योगायोगानें ती वठत नाहीं.

७. येथें प्रतिपक्षाचें म्हणणें न्यायानें मांडलें पाहिजे. पहिला आक्षेप असा कीं, श्रेय भूमिकेचें आहे, नटीचें नव्हे. इतकी चांगली भूमिका मिळाली असती तर कोणीहि चमकली असती. ह्यास अर्धवट आधारहि आहे. २००४ मध्यें कोएन बंधूंनीं हीच कथा अमेरिकेंत नेऊन नव्यानें चित्रित केली, आणि त्यांतील वृद्धेच्या कामाबद्दल अर्मा पी. हॉल ह्या नटीस कान येथील महोत्सवांत ज्यूरीचें पारितोषिक मिळालें. तेव्हां भूमिका बलवान आहे ह्यांत शंका नाहीं. परंतु हेंच उदाहरण उलट बाजूनेंहि साक्ष देतें. हॉलबाईंची वृद्धा धिप्पाड, भारदस्त आवाजाची व प्रसंगीं हात उगारणारी आहे. भूमिका एक, आणि ती दोन परस्परविरुद्ध रीतींनीं वठते, ह्याचा अर्थ जॉन्सनबाईंचें तें मंद, मोजकें, काटेकोर वागणें भूमिकेंत आयतें लिहिलेलें नव्हतें; तें नटीनें आणलें.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. एका चित्रावरून ६१ वर्षांच्या कामाची योग्यता ठरविणें हें अनुमान होय, प्रत्यक्ष नव्हे. हें कबूल आहे. धुरावरून अग्नीचें अनुमान होतें. परंतु तेथें कोणतीं लांकडें जळत आहेत हें धुरावरून सांगतां येत नाहीं. त्याचप्रमाणें १९५५ च्या कामांत दिसणारें कौशल्य दीर्घ अभ्यासाचें आहे, एवढेंच म्हणतां येतें; तो अभ्यास कोणत्या नाटकाच्या कोणत्या रात्रीं झाला हें म्हणतां येत नाहीं. तरी एवढें अनुमान मात्र निर्दोष आहे. लहान भूमिका करणाऱ्या नटीस दुसऱ्याचें वाक्य ऐकण्याची कला शिकावी लागते. कारण तिला स्वतःचीं वाक्यें थोडीं असतात व रंगभूमीवरील पुष्कळ वेळ ऐकण्यांत जातो. 'द लेडीकिलर्स' मध्यें जॉन्सनबाई मुख्य भूमिकेंत असूनहि ही संवय सोडीत नाहींत. समोरचा बोलत असतां त्या खरोखर ऐकतात, आणि त्यामुळें गिनेस, सेसिल पार्कर, हर्बर्ट लोम, पीटर सेलर्स व डॅनी ग्रीन ह्या पांचांचेंहि काम उठावदार होतें. नायिकेच्या भूमिकांवर वाढलेल्या नटीस ही गोष्ट सहसा साधत नाहीं.

८. १९५६ मध्यें ब्रिटिश फिल्म अकादमीनें वर्षांतील सर्वोत्कृष्ट ब्रिटिश नटी म्हणून जॉन्सनबाईंचा गौरव केला. त्यानंतर 'हाउ टु मर्डर अ रिच अंकल' ह्या चित्रपटांत त्यांनीं एक दुय्यम काम केलें; तो त्यांच्या मृत्यूच्याच वर्षीं, १९५७ मध्यें, प्रसिद्ध झाला. म्हणजे कीर्ति मिळाल्यावरहि त्या आपल्या नेहमींच्या जागीं परत गेल्या. कीर्तीचें वर्ष हा अपवाद होता. नियम तो दुय्यम भूमिकेचा. चरित्रकार अपवादापासून आरंभ करतो, कारण अपवादाचे कागद चांगले असतात.

एवढ्यावरून निर्णय असा : केटी जॉन्सन ह्या वृद्धापकाळीं उदयास आलेल्या नटी नव्हत, त्या १८९४ पासून आपल्या धंद्यांत कुशल होत गेलेल्या, व ज्यांच्या कौशल्याचें एकच संपूर्ण पत्र आपल्या हातीं लागलें अशा नटी होत. पहिला निर्णय त्यांच्याविषयीं आहे असें वाटतें. वस्तुतः तो आपल्या साधनांविषयीं आहे.

शेवटीं संग्राहक मंडळीस एक विनंति. आपल्याकडील जुन्या नाटक मंडळ्यांचीं हँडबिलें, तिकिटें, जमाखर्चाच्या वह्या आणि नकलांच्या कच्च्या प्रती अजून कोणाकोणाच्या माळ्यावर असतील. त्यांत प्रसिद्ध नटाचें नांव नसलें तर त्या रद्दींत जातात, असें पुष्कळदां पाहण्यांत येतें. अशा कागदावर शेवटच्या ओळींत बारीक टाइपांत जें नांव असेल तेंच प्रथम उतरून घ्यावें. वरचीं नांवें दुसरीकडे कोठें तरी सांपडतील; तळचें नांव बहुधा त्या एकाच कागदावर असतें.